भौतिकशास्त्रज्ञ पॉल स्टाइनहार्ट यांचे कोणते पुस्तक आधी वाचावे?

प्रश्न: चक्रीय विश्वावरील (विश्व पुन्हा पुन्हा प्रसरण-आकुंचनाच्या चक्रांतून जाते, या कल्पनेवरील) ‘एंडलेस युनिव्हर्स’ (२००७, नील टुरॉक सहलेखक) आणि क्वासिक्रिस्टलवरील (अणूंची मांडणी सुव्यवस्थित, पण स्फटिकासारखी ठरावीक अंतराने पुनरावृत्त न होणाऱ्या घन पदार्थांवरील) ‘द सेकंड काइंड ऑफ इम्पॉसिबल’ (२०१९) यांपैकी कोणत्या पुस्तकाने सुरुवात करावी?

प्रतिसाद १: दुसऱ्याने. स्फटिकांत निषिद्ध मानलेली पंचपट सममिती (पाचव्या भागाने, म्हणजे ७२ अंशांत फिरवल्यावरही रचना तशीच दिसणे) पदार्थशास्त्रज्ञ डॅन शेख्टमन यांना १९८२ मध्ये प्रयोगशाळेतील मिश्रधातूत आढळली. ती निसर्गातही असणार, या ध्यासापायी स्टाइनहार्ट यांनी फ्लॉरेन्सच्या संग्रहालयातील एका नमुन्याचा माग काढत २०११ मध्ये रशियाच्या अतिपूर्वेस मोहीम नेली आणि ते खनिज उल्केतून आल्याचे दाखवले.

प्रतिसाद २: सहमत, मात्र पहिलेही वाचावेच. विश्वाच्या आरंभीच्या अतिजलद प्रसरणाचा सिद्धान्त उभारण्यास ज्यांनी स्वतः हातभार लावला, तेच त्यावर आक्षेप घेतात, हे विज्ञानात (आणि एरवीही) विरळाच. त्यांचा चक्रीय विश्वाचा पर्याय मला पटलेला नाही.