मराठी डेटासाठीची दुरुस्ती कुठे द्यावी: आपल्या सर्व्हरवर की मूळ प्रकल्पात?

कोयनाकाठ

सीकॅन हे मुक्तस्रोत सॉफ्टवेअर सरकारे, विद्यापीठे आणि सामाजिक संस्था आपले माहितीसंच लोकांसाठी खुले करण्याकरिता वापरतात. ते ओपन नॉलेज फाउंडेशनच्या आश्रयाने वाढले. अमेरिकी सरकारचे डेटा.गव्ह आणि संयुक्त राष्ट्रांच्या मानवतावादी मदतकार्यासाठी चालणारे एचडीएक्स ही संकेतस्थळे त्यावरच उभी राहिली. आपल्याकडेही काही लहान गट पाणीपुरवठा, शाळा, बाजारभाव असे मराठीतले तक्ते त्यावर ठेवू लागले आहेत, आणि त्या सगळ्यांना तीन अडचणी हमखास भेटतात.

पहिली अडचण अंकांची. सीकॅन ज्या पायथन भाषेत लिहिले आहे ती भाषा देवनागरी अंकांतली संख्या बिनतक्रार ओळखते, पण तक्त्यांतल्या ओळी ज्या पोस्टग्रेसक्यूएल या डेटाबेसमध्ये साठवल्या जातात तो ‘१२३’ला संख्या मानत नाही. परिणामी तो स्तंभ मजकूर म्हणूनच राहतो आणि त्याची बेरीज करता येत नाही. दुसरी अडचण ‘कऱ्हाड’सारख्या नावांची. त्यातला अर्धा र युनिकोडमध्ये दोन वेगळ्या प्रकारांनी लिहिता येतो आणि डोळ्यांना दोन्ही सारखेच दिसतात, पण शोधयंत्राला ते दोन वेगळे शब्द वाटतात. एकाच अक्षराची वेगवेगळी रूपे एक करण्याची युनिकोडची प्रमाणित पद्धत, म्हणजे सामान्यीकरण, तीही त्यांना एक करत नाही. तिसरी अडचण सर्वांत मोठी आहे. ‘शाळा’ असे शोधणाऱ्याला ‘शाळांची यादी’ किंवा ‘शाळेतील पटसंख्या’ सापडत नाही, कारण मराठीतले सामान्यरूप आणि प्रत्यय सोडवणारा भाग त्या साखळीत कुठेच नाही.

बहुतेक गट यावर आपापल्या सर्व्हरवर तात्पुरती दुरुस्ती करून मोकळे होतात. माझे आग्रहाचे म्हणणे असे आहे की ही दुरुस्ती मूळ प्रकल्पांतच जमा झाली पाहिजे, आणि शब्दमूळ शोधण्याच्या बाबतीत तर सीकॅनच्याही वर, प्रत्यय काढून शब्दाचे मूळ शोधण्याचे नियम जमवणाऱ्या स्नोबॉल या प्रकल्पात. मार्टिन पोर्टर यांनी सुरू केलेल्या या प्रकल्पातून पोस्टग्रेसक्यूएल आणि ल्यूसीन ही शोधाची प्रणाली हे दोघेही शब्दमुळांचे नियम घेतात, आणि ल्यूसीनवर सोलर चालते, जे सीकॅनचे शोधयंत्र आहे. पोस्टग्रेसक्यूएलच्या यादीत हिंदी, नेपाळी आणि तमिळ आहेत, मराठी नाही. तिथे एकदा नीट काम झाले तर ते केवळ आपल्या संकेतस्थळापुरते राहणार नाही, मराठी मजकूर साठवणाऱ्या कोणत्याही ग्रंथालयाच्या किंवा दप्तराच्या सर्व्हरपर्यंत पोहोचेल.

तिठा

आपला हेतू मला पटतो, परंतु क्रम पटत नाही. एखाद्या तालुक्यातल्या कार्यकर्त्याला टँकरच्या फेऱ्यांचा हिशेब याच उन्हाळ्यात मांडायचा असतो. स्नोबॉलमध्ये भाषा स्वीकारली जाणार, मग ती पोस्टग्रेसक्यूएलच्या वार्षिक आवृत्तीत येणार, मग ती आवृत्ती आपल्या सर्व्हरवर चढणार; आणि ज्या संस्थांचे सर्व्हर दुसऱ्याच कुणाच्या ताब्यात असतात, त्यांच्याकडे ती आवृत्ती कधी येईल हे कुणीही सांगू शकत नाही.

शिवाय अर्धे उत्तर आज तयार आहे. ल्यूसीनमध्ये हिंदीसाठी जो सामान्यीकरणाचा गाळक (फिल्टर) आहे तो ऱ चा र करतो आणि अक्षरे जोडणारे अदृश्य चिन्ह काढून टाकतो, त्यामुळे ‘कऱ्हाड’चा प्रश्न तिथेच सुटतो. कोणत्याही लिपीतले दशमान अंक इंग्रजी अंकांत बदलणारा दुसरा एक गाळकही तिथे आहे. सोलरच्या स्कीमा फाइलमध्ये, म्हणजे त्याच्या मांडणीच्या फाइलमध्ये, हे गाळक जोडणे म्हणजे थोड्या ओळींचे काम आहे. त्यासाठी ना पुल रिक्वेस्ट (मूळ प्रकल्पाला बदल घेण्याची विनंती) हवी ना कुणाची परवानगी. अंकांच्या बेरजेसाठी एका अक्षराच्या जागी दुसरे घालणारे पोस्टग्रेसक्यूएलचे ट्रान्सलेट हे फंक्शन पुरेसे आहे. हे सारे एका छोट्या एक्स्टेन्शनमध्ये (सीकॅनला बाहेरून जोडायच्या भागात) बांधून गटागटांना वाटावे, असे माझे मत आहे.

पाणवठा

तिठा यांनी सुचवलेल्या एक्स्टेन्शनचे पुढे काय होते ते सीकॅनच्याच इतिहासात दिसते. २०२० साली आलेल्या २.९ या आवृत्तीत पायथन ३ चा आधार आला, आणि २०२३ च्या २.१० मध्ये पायथन २ पूर्णपणे काढून टाकले गेले. त्याच सुमारास सीकॅन ज्यावर उभे होते ती पायलॉन्स ही जुनी वेब-चौकट (फ्रेमवर्क) जाऊन फ्लास्क आली होती. मूळ प्रकल्पातल्या प्रत्येक ओळीचे हे स्थलांतर प्रकल्प सांभाळणाऱ्यांनी केले, पण बाहेर एकेकट्याने लिहिलेल्या कित्येक एक्स्टेन्शनना कुणी वाली उरला नव्हता, आणि ज्या संस्था त्यांवर अवलंबून होत्या त्यांना एक तर जुन्या, असुरक्षित आवृत्तीवर थांबावे लागले किंवा ते काम पुन्हा पहिल्यापासून करावे लागले.

मूळ प्रकल्पात गेलेली लहानशी गोष्टही टिकते, याचे एक उदाहरण देतो. सीकॅनमधून तक्ता सीएसव्ही म्हणून उतरवताना फाइलीच्या सुरुवातीला बॉम नावाची खूण घालण्याचा पर्याय आहे. एक्सेलमध्ये मराठी मजकुराच्या जागी निरर्थक चिन्हे दिसू नयेत म्हणून आपल्याला त्याची नेहमी गरज पडते. तो पर्याय मूळ सॉफ्टवेअरमध्येच असल्यामुळे आज कुणाही मराठी वापरकर्त्याला तो वेगळा बसवावा लागत नाही.

जुनी वही

ही सगळी चर्चा एका गृहीतावर उभी आहे, ते म्हणजे तक्ता युनिकोडमध्ये आहे. माझा अनुभव असा की कार्यालयातून हाती येणारा मजकूर अनेकदा डीव्हीबी-टीटी सुरेख, श्रीलिपी किंवा कृतिदेव अशा जुन्या फॉन्टमध्ये टंकलेला असतो. त्या फॉन्टशिवाय उघडला की तो इंग्रजी अक्षरांची खिचडी असतो. त्याहून वाईट म्हणजे छापील पानांचे स्कॅन करून बनवलेले पीडीएफ. राष्ट्रीय डेटा सामायिकीकरण धोरण २०१२ साली आले, शासकीय खुल्या डेटाचा परवाना २०१७ साली आला, आणि तरीही अनेक ठिकाणी खुला डेटा म्हणजे ओळ सरकलेला, सही-शिक्का मारलेला कागदच आहे.

ज्यांच्याकडे वेळ आणि कौशल्य आहे त्यांनी ते स्नोबॉलला का द्यावे? तीच शक्ती जुन्या फॉन्टचे रूपांतर करण्यावर आणि कार्यालयाकडून सुटसुटीत फाइल मागण्यावर खर्च झाली तर लोकांना अधिक लाभ होईल. आणखी एक गोष्ट मनापासून खटकते. परदेशातली संपन्न सरकारे हे सॉफ्टवेअर वापरतात, त्याच्या उभारणीची कंत्राटे कंपन्या घेतात, आणि आपल्याकडच्या विद्यार्थ्याने मात्र रात्री जागून विनामोबदला त्यातल्या चुका दुरुस्त कराव्यात अशी अपेक्षा असते. योगदान या शब्दाखाली फुकटची मजुरी चालू नये.

कोयनाकाठ

दोन्ही आक्षेप गंभीर आहेत, म्हणून सविस्तर लिहितो.

मोबदल्याविषयी: सीकॅनचा परवाना एजीपीएल हा मुक्तस्रोत परवाना आहे. तो बदललेले सॉफ्टवेअर सर्व्हरवर चालवणाऱ्याला ते वापरणाऱ्यांपुढे स्रोत खुला करण्यास बांधून घालतो, पण तो बदल मूळ प्रकल्पाकडे आणून देण्याची सक्ती करत नाही, आणि काम करणाऱ्याला पैसे मिळण्याची हमी तर मुळीच देत नाही. तेव्हा ज्या संस्थेला अनुदान मिळते तिने अनुदानाच्या अर्जातच मूळ प्रकल्पात दुरुस्ती पोहोचवण्याच्या कामाचे वेतन धरावे, हे मी ठामपणे म्हणेन. केंद्र सरकारने २०१५ साली मुक्तस्रोत सॉफ्टवेअर स्वीकारण्याचे धोरण जाहीर केले आहे. जे सॉफ्टवेअर स्वीकारले त्याच्या देखभालीवर खर्च करणे ही त्याची पुढची पायरी असायला हवी. विद्यार्थ्यांच्या उत्साहावर सगळा भार टाकणे मलाही अन्यायाचे वाटते. मात्र त्यावर उपाय म्हणून काम आपल्यापुरतेच ठेवले, तर तोच विद्यार्थी तेच काम दर आवृत्तीला पुन्हा करत बसेल.

जुन्या फॉन्टचा प्रश्न खरा आहे आणि त्याचे काम सोडू नये. पण ती अडचण दर वर्षी थोडी कमी होत जाणारी आहे, कारण नवा मजकूर युनिकोडमध्ये येतो आहे. प्रत्ययांची अडचण मराठी असेपर्यंत राहणार आहे.

आता तिठा यांच्या गाळकांविषयी. सोलरमध्ये प्रामुख्याने माहितीसंचाचे शीर्षक, वर्णन आणि खुणांचे शब्द जातात. तक्त्याच्या ओळींमधला शोध पोस्टग्रेसक्यूएल करते, आणि तिथे स्कीमा फाइलचा काही उपयोग नाही. दुसरे, हिंदीचा तो गाळक दीर्घ इकार-उकार र्‍हस्व करून टाकतो. त्यामुळे ‘सूत’ आणि ‘सुत’ एक होतात, ‘दीन’ आणि ‘दिन’ एक होतात. मराठीसाठी मराठीचाच विचार झाला पाहिजे.

तिठा

ओळींमधल्या शोधाचा मुद्दा बिनतोड आहे. तिथे स्नोबॉलखेरीज चांगला मार्ग मला दिसत नाही. परंतु र्‍हस्व-दीर्घाविषयी मी आपल्याशी असहमत आहे. ‘विहीर’चे अनेकवचन ‘विहिरी’ होते, ‘फूल’चे ‘फुले’ होते. मराठीत प्रत्यय लागताच उपान्त्य, म्हणजे शेवटून दुसरा, दीर्घ इकार-उकार बहुधा र्‍हस्व होतो, त्यामुळे नुसता प्रत्यय कापून ‘विहिर’ हाती येते आणि ते ‘विहीर’शी जुळत नाही. म्हणजे जो दोष आपण दाखवलात तोच गाळक शेतीच्या आणि पाण्याच्या तक्त्यांमध्ये उपकारक ठरतो. त्यात लोक शुद्धलेखनाच्या बाबतीत सैल असतात, ‘विहिर’ असे लिहिलेले शीर्षकही पुष्कळदा भेटते. सूतगिरणी शोधताना एखादा अनावश्यक निकाल आला तर वाचणारा तो बाजूला सारेल, पण विहिरींची यादी सापडलीच नाही तर ती नाहीच असा त्याचा समज होईल. दुसरी हानी कितीतरी मोठी आहे.

पाणवठा

हा मुद्दा स्नोबॉलच्या नियमांतही घ्यावा. नियम लिहितानाच दोन्ही रूपे र्‍हस्वावर आणली तर हिंदीच्या गाळकाचा आधार लागणार नाही.

परीक्षणाला वेळ लागतो, या तक्रारीवरही थोडे लिहायला हवे. २०२४ च्या मार्चमध्ये फाइली आकुंचित करणाऱ्या एक्सझेड या लहानशा मुक्तस्रोत प्रकल्पात लपवलेला चोरदरवाजा उघडकीस आला. थकलेल्या एकट्या देखभालकर्त्यावर दबाव आणून, मदतनीस म्हणून विश्वास मिळवून तो आत शिरवला गेला होता, आणि तो सापडला पोस्टग्रेसक्यूएलवर काम करणाऱ्या आंद्रेस फ्रॉइंड यांना, लॉगिनला किंचित उशीर का होतो याचा पाठपुरावा करताना. अनोळखी माणसाची दुरुस्ती कुणी तरी ओळ न ओळ वाचून मगच आत घेतो, हे आपल्याच डेटाच्या हिताचे आहे. म्हणून आपण देताना चाचण्या सोबत द्याव्यात, एका पुल रिक्वेस्टमध्ये एकच बदल ठेवावा आणि परीक्षकाच्या प्रश्नांना वेळेवर उत्तर द्यावे. त्यांना मराठी येत नसणार, तेव्हा ‘शाळेत’ आणि ‘शाळांची’ यांचे मूळ एक का, हे उदाहरणांसह समजावून सांगणे हेही योगदानच आहे.

जुनी वही

मग हे समजावणार कोण? प्रोग्रॅमर मंडळींना सामान्यरूपाचे नियम लिहिता येतील असे मला वाटत नाही.

कोयनाकाठ

त्यांनी एकट्यांनी लिहूही नयेत. स्नोबॉलमध्ये प्रत्येक भाषेसोबत शब्दांची यादी आणि त्या प्रत्येक शब्दाचे अपेक्षित मूळ अशी जोडी ठेवली जाते, आणि नियम बरोबर चालतात की नाही हे तिच्यावरून तपासले जाते. ही यादी करायला पायथन यावे लागत नाही, मराठी व्याकरण यावे लागते. भाषेचे शिक्षक, मुद्रितशोधक, कोशकार्य केलेली माणसे या प्रकल्पात सर्वांत मोलाची भर घालू शकतात. ‘पाणी, पाण्याचा, पाण्यासाठी’, ‘तळे, तळ्यात, तळ्यांचे’ असे गट लावत जायचे, आणि जिथे दोन शब्दांची रूपे एकमेकांत मिसळतात तिथे काय पत्करायचे ते ठरवायचे.

तिठा

यादीच्या कामात मी सहभागी होईन, पण दोन अटींवर. एक म्हणजे शब्द वर्तमानपत्रांतून किंवा कोशांतून उचलू नयेत, कारण स्नोबॉलचा परवाना अगदी मोकळा आहे आणि त्यात हक्काचा वाद शिरला तर सगळेच अडकेल. गटांनी आजवर खुल्या केलेल्या तक्त्यांची शीर्षके आणि स्तंभांची नावे घेऊन सुरुवात करावी. दुसरी अट अशी की ही यादी होईपर्यंत सोलरचे गाळक आपापल्या सर्व्हरवर लावण्यास कुणी आडकाठी करू नये, आणि ते कसे लावायचे याची टिपणे सीकॅनच्या दस्तऐवजांत पाठवावीत.

कोयनाकाठ

पहिली अट मान्य. दुसरीतला टिपणांचा भागही मान्य, आणि ते काम आपणच हाती घ्यावे अशी विनंती. अंकांच्या बाबतीत मात्र मी ट्रान्सलेटवर थांबणार नाही. तक्ता भरणाऱ्या एक्सलोडरमध्येच देवनागरी अंक ओळखले जावेत, असा प्रस्ताव चाचणीच्या फाइलींसह मांडणार आहे. ज्यांच्याकडे देवनागरी अंकांचे तक्ते आहेत, विशेषतः ज्यांत स्वल्पविराम आणि दशांशचिन्हे आहेत, त्यांनी नमुने द्यावेत. त्यांतली व्यक्तींची नावे आणि दूरध्वनी क्रमांक आधी काढून टाकावेत.