सर्फिंग साठच्या दशकातलं खूळ नव्हे

वर एकांनी लिहिलंय की सर्फिंग म्हणजे साठच्या दशकातल्या कॅलिफोर्नियाच्या रिकामटेकड्या पोरांचं खूळ. हे मला अजिबात पटत नाही. हवाईत राजघराण्यापासून सामान्य माणसांपर्यंत सगळेच कित्येक शतकं लाकडी फळीवरून लाटांवर स्वार होत होते. एकोणिसाव्या शतकात बाहेरून आलेल्या रोगराईने आणि मिशनऱ्यांच्या नापसंतीने हा खेळ जवळपास थंडावला. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हवाईतल्याच वायकिकी किनाऱ्यावरच्या तरुणांनी त्याला पुन्हा जोर दिला.

ड्यूक कहानामोकू त्यांच्यातलाच. १९१२च्या ऑलिम्पिकमध्ये पोहण्याचं सुवर्णपदक मिळवलेला हा गडी. १९२५ साली कॅलिफोर्नियात कोरोना डेल मारजवळ खवळलेल्या समुद्रात बोट उलटली, तेव्हा त्याने सर्फबोर्डवरून पुन्हापुन्हा आत जाऊन आठ जणांना वाचवलं. रिकामटेकडेपणा म्हणतात तो हा?

आणि तीसच्या दशकातला कॅलिफोर्नियातला सॅन ओनोफ्रेचा किनारा बघा. मंदीचे दिवस, खिशात दमडी नाही. तिथली सर्फर मंडळी किनाऱ्यावरच मुक्काम ठोकायची, मासे धरून तिथेच भाजायची, रात्री युकुलेली (गिटारसारखं छोटं वाद्य) वाजवायची. थंड पाण्यात ऊब देणारे वेटसूट नव्हतेच, त्यामुळे पाण्यातून कुडकुडत आलं की थेट शेकोटीजवळ. भरीव लाकडाचा बोर्ड सहज चाळीस किलोंच्या आसपास, खाली कल्ला (दिशा धरून ठेवणारी उभी पट्टी) नाही; वळायचं तर मागचा पाय पाण्यात घालून ओढायचा! टॉम ब्लेक या अमेरिकन सर्फरने आधी पोकळ, हलके बोर्ड बनवले आणि १९३५ साली एका जुन्या स्पीडबोटीचा कल्ला काढून आपल्या बोर्डाखाली बसवला. त्यानंतर कुठे बोर्ड लाटेवर आडवातिडवा घसरायचा थांबला.