अवमूल्यन की घसरण? रुपयाच्या बातम्यांतले शब्द

पेठेतली शिक्षिका:
स्पर्धा परीक्षेच्या मुलांसाठी अर्थशास्त्राची मराठी टिपणं काढते आहे. एका मुलाने उत्तरात लिहिलं, ‘२०१३ साली रिझर्व्ह बँकेने रुपयाचे अवमूल्यन केले.’ मी गुण कापले, तर पठ्ठ्या दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्राचं कात्रण घेऊन हजर. मथळ्यात ठळक अक्षरांत ‘रुपयाचे अवमूल्यन’. आता त्याला काय सांगू? आणि हाताशीच आणखी दोन शब्द विचारते. परदेशी पैसा येतो-जातो त्याला ‘भांडवल प्रवाह’ म्हणायचं की ‘ओघ’? आणि ‘स्टरिलायझेशन’चं काय करायचं?

निवृत्त बँकवाला, कोथरूड:
गुण परत देऊ नका, ताई. अवमूल्यन हे करावं लागतं, ते आपोआप होत नाही. ६ जून १९६६ ला सरकारने डॉलरचा भाव ४.७६ रुपयांवरून ७.५० केला, ते अवमूल्यन. १९९१ च्या जुलैत, १ आणि ३ तारखेला दोन टप्प्यांत रुपया खाली आणला, तेही अवमूल्यन. दर कोणीतरी ठरवत होतं आणि त्यानेच तो बदलला. मार्च १९९३ पासून आपला दर बाजार ठरवतो. रिझर्व्ह बँक मध्येच हात घालते, पण दर जाहीर करत नाही. तेव्हापासून रुपयाची घसरण होते, अवमूल्यन नाही.

हा शब्दांचा कीस नाही. त्या मुलाचं वाक्य नेमकं उलटं आहे. २२ मे २०१३ ला अमेरिकेच्या फेडरल रिझर्व्हचे (फेड, म्हणजे तिथली मध्यवर्ती बँक) अध्यक्ष बेन बर्नान्के तिथल्या संसदेच्या समितीपुढे म्हणाले की दरमहा चाललेली रोखेखरेदी येत्या काही बैठकांत कमी करता येईल. एवढ्यानेच अमेरिकेतले व्याजदर चढले आणि आपल्या रोख्यांत बसलेला परदेशी पैसा उठून चालू लागला. मे महिन्यात पंचावन्नच्या आसपास असलेला डॉलर २८ ऑगस्टला अडुसष्टच्या वर गेला. त्यातच २०१२-१३ ची चालू खात्यावरची तूट (आयात-निर्यातीसारख्या व्यवहारांत आलेल्यापेक्षा जास्त गेलेले डॉलर) जीडीपीच्या ४.८ टक्के, म्हणजे आपलं घर आधीच उसन्या डॉलरवर चाललेलं.

रिझर्व्ह बँक काय करत होती? रुपया धरून ठेवायला धडपडत होती. १५ जुलैला तिने बँकांना रात्रीपुरते पैसे देण्याचा जादा दर (मार्जिनल स्टँडिंग फॅसिलिटी) १०.२५ टक्क्यांवर नेला. बँकांना नेहमी ज्या दराने पैसे देते तो रेपो दर मात्र होता तिथेच, ७.२५. उद्देश असा की रुपये महाग व्हावेत आणि ते उसने घेऊन डॉलर विकत घेण्याचा मोह कमी व्हावा. उद्योग मंदीत असताना पैसा महाग करायची पाळी आली, ती वॉशिंग्टनमधल्या एका वाक्यापायी. आणि तुमचा विद्यार्थी म्हणतो, तिनेच रुपया पाडला!

भोसरी एमआयडीसी:
आमच्याकडे हे दोन्ही शब्द कोणी वापरत नाही. सकाळी शेडवर आलं की पहिला प्रश्न, ‘डॉलर काय चाललाय?’ वर गेला की लोक पेढे मागतात, कारण आम्ही निर्यात करतो. त्यांना हे दिसत नाही की बेअरिंगचं स्टील आणि टूलिंग डॉलरमध्येच येतं, आणि तीन महिन्यांनी मिळणारे डॉलर आम्ही आधीच फॉरवर्ड बुक करून, म्हणजे भाव ठरवून विकून, बसलेलो असतो. वर गेलेला डॉलर त्या सौद्याला लागूच होत नाही.

पण ‘डॉलर वर गेला’ हे बोलणं अडाणीपणाचं समजू नका. २०२२ मध्ये फेडने शून्याजवळचे व्याजदर भराभर चढवले, तेव्हा येन, पौंड सगळेच खाली आले. युरो तर एका डॉलरच्याही खाली उतरला. रुपया घसरला म्हणण्यापेक्षा डॉलर चढला हेच तेव्हा जास्त खरं होतं.

निवृत्त बँकवाला, कोथरूड:
बरोबर. मथळा लिहिणाऱ्याने एवढं तरी बघावं की बाकीची चलनं कुठे आहेत.

आता स्टरिलायझेशन. ‘निर्जंतुकीकरण’ असं मी छापलेलं पाहिलंय. वाचून डेटॉलचा वास आला. काम काय होतं ते पाहा. परदेशी पैसा धो धो येतो, रुपया फार चढू नये म्हणून रिझर्व्ह बँक डॉलर विकत घेते आणि बदल्यात रुपये देते. ते रुपये बँकांत खेळू लागले की कर्जं स्वस्त, पुढे महागाई. म्हणून सरकारी रोखे विकून तेच रुपये परत ओढून घ्यायचे. २००४ मध्ये त्यासाठी बाजार स्थिरीकरण योजना आणली गेली. आम्ही ट्रेझरीत सरळ ‘पैसा शोषून घेतला’ म्हणायचो. क्रियापदच ठेवा. नाम करायला गेलात तर ‘शोषण’ होईल आणि लोक मोर्चा काढतील.

याला खर्च येतो, तोही मुलांना सांगा. शोषून घ्यायला विकलेल्या रोख्यांवर इथल्या दराने व्याज द्यायचं आणि घेतलेले डॉलर अमेरिकेच्या सहसा कमी असलेल्या दराने गुंतवायचे.

अर्थशास्त्राचा विद्यार्थी, डेक्कन:
‘ट्रायलेमा’ राहिला. स्थिर विनिमय दर, भांडवलाची मोकळी ये-जा आणि स्वतःचं व्याजदर धोरण, यातलं एका वेळी दोनच मिळतं. हाँगकाँगने १९८३ पासून अमेरिकी डॉलरचा भाव ७.८ हाँगकाँग डॉलरच्या आसपास बांधला, म्हणून तिथले व्याजदर फेडच्या मागे मागे जातात. आम्ही वर्गात ‘अशक्य त्रयी’ म्हणतो. पण २०१३ मध्येच एलेन रे या फ्रेंच अर्थतज्ज्ञ बाईंनी जॅक्सन होलच्या परिषदेत मांडलं की विनिमय दर बाजारावर सोडूनही सुटका नाही. जगभर पैशाची एकच भरती-ओहोटी चालते, आणि भांडवलाची ये-जा कशी तरी आवरल्याशिवाय व्याजदर स्वतःच्या हातात राहत नाही. म्हणजे तीन पर्याय नाहीतच, दोनच आहेत. त्यांचा शब्द ‘डायलेमा’. तेव्हा मराठीला नवा शब्द नकोच. इकडे आड तिकडे विहीर.

पेठेतली शिक्षिका:
हे मस्त! मग भारत कुठे बसतो?

निवृत्त बँकवाला, कोथरूड:
मध्ये. ऑगस्ट १९९४ मध्ये चालू खात्यावर रुपया परिवर्तनीय झाला, म्हणजे आयात-निर्यातीसारख्या व्यवहारांसाठी तो मोकळेपणी बदलता येऊ लागला. भांडवली खात्यावर, म्हणजे गुंतवणूक-कर्जांसाठी, आजही पुरता नाही. तुमची मुलगी अमेरिकेत शिकते असं समजा. तिला आणि इतर कशालाही मिळून माणशी वर्षाला अडीच लाख डॉलरपर्यंत पाठवता येतात. पूर्ण परिवर्तनीयतेचा आराखडा तारापोर समितीने १९९७ मध्ये दिला आणि काही आठवड्यांतच थायलंडचा बाट कोसळला. अहवाल कपाटात गेला, आणि माझ्या मते बरं झालं.

एक तक्रार माझीही. परकीय चलनाच्या साठ्याला ‘गंगाजळी’ हा शब्द गोड आहे, पण त्याने वाटतं की घरात साठवलेली पुंजी आहे. चीनने ती बरीचशी निर्यातीच्या शिलकीतून केली. आपल्याला बहुतेक वर्षी चालू खात्यावर तूटच येते, तेव्हा आपली गंगाजळी मुख्यतः आलेल्या भांडवलातून वाढली. त्यातला काही पैसा कधीही परत मागितला जाऊ शकतो. शब्द बदला असं म्हणत नाही, पण टिपणात एक ओळ घालाच.

‘प्रवाह’ की ‘ओघ’? ओघ म्हटलं की पैसा फक्त आत येतोय असं वाटतं. ‘आवक-जावक’ लिहा. मार्केट यार्डातला हमालही समजेल.

पेठेतली शिक्षिका:
घसरणीच्या उलट ‘मूल्यवृद्धी’ लिहू?

भोसरी एमआयडीसी:
‘रुपया वधारला’ लिहा की! बाजारात तेच म्हणतात.

निवृत्त बँकवाला, कोथरूड:
हो. घसरला-वधारला ही जोडी बाजाराची. सरकारने ठरवून वर नेला तर पुनर्मूल्यन, जसं चीनने जुलै २००५ मध्ये युआन सुमारे दोन टक्क्यांनी वर नेला.