‘प्रादेशिक अजिंक्यपद’ म्हणजे नक्की कुठल्या प्रदेशाचं? (बाल्कन बॅडमिंटनच्या निमित्ताने)

शंकेखोर:
मंडळी एक मदत हवीये. मुलगी ज्या क्लबात खेळते त्यांची स्मरणिका निघतेय आणि "तुम्ही जरा बरं लिहिता" म्हणून एक पान माझ्या गळ्यात मारलंय. विषय, कुठले कुठले देश बॅडमिंटन खेळतात. चीन, इंडोनेशिया, डेन्मार्क सगळे लिहितात म्हणून मी मुद्दाम बाल्कन, म्हणजे युरोपचा आग्नेय कोपरा, घेतलं, बल्गेरिया, सर्बिया, ग्रीस, तुर्कस्तान ही मंडळी आपापसात जी स्पर्धा खेळतात, देशांचे संघही आणि एकेकटे खेळाडूही, ती. तर मी मथळा दिला ‘बाल्कन प्रादेशिक बॅडमिंटन अजिंक्यपद’. बायकोने वाचलं आणि विचारलं, "हे जिल्ह्याच्या वर असतं का विभागाच्या?" आता सांगा काय चुकलं, कारण डिक्शनरीत रिजनलला प्रादेशिकच दिलंय.

पेठेतला:
वहिनींचं बरोबर आहे. ‘प्रादेशिक’ शब्द मराठीत कायम देशाच्या पोटातलं काहीतरी दाखवतो. प्रादेशिक भाषा, प्रादेशिक पक्ष, प्रादेशिक बातम्या, आणि लायसन काढायला जातो ते प्रादेशिक परिवहन कार्यालय. शाळेतल्या पोराला विचारा, तालुका, जिल्हा, विभाग, राज्य, मग राष्ट्रीय, ही उतरंड डोक्यात पक्की असते, त्यामुळे ‘प्रादेशिक’ वाचलं की माणूस राष्ट्रीयच्या खालीच जातो. इथे तर अख्खे देश उतरलेत. म्हणजे राष्ट्रीयच्या वरचं प्रकरण.

वऱ्हाडी:
पण सार्कचं काय मग? दक्षिण आशियाई प्रादेशिक सहकार्य संघटना. तिथे तर देशच आहेत न भाऊ.

पेठेतला:
बरोबर, पण ते पूर्ण नाव परीक्षेपुरतं पाठ केलेलं, बाकी सगळे सार्कच म्हणतात. आणि तिथेही ‘दक्षिण आशियाई’ आधी आलंय म्हणून प्रादेशिक निभावतं. बाल्कन म्हणजे काय हेच निम्म्या वाचकांना माहीत नसताना ‘प्रादेशिक’ टाकलं की त्यांना वाटणार बाल्कन नावाचा एक देश आहे आणि त्यातला हा एक प्रदेश.

शंकेखोर:
अहो मला स्वतःला दहावीपर्यंत तसंच वाटत होतं 😅

मास्तर:
मग प्रादेशिक काढूनच टाका, त्याचं काम ‘देश’ हा शब्द करतो. ‘बाल्कन देशांची बॅडमिंटन स्पर्धा’. तुमची दुसरी एक चूक होता होता राहिली, ‘राष्ट्रीय संघांची स्पर्धा’ असं लिहू नका. इंग्रजीत नॅशनल टीम म्हणजे देशाची टीम हे लगेच कळतं, मराठीत ‘राष्ट्रीय’ आणि ‘स्पर्धा’ एका ओळीत आले की वाचणारा राष्ट्रीय स्पर्धाच समजतो.

सोफियाची मराठीण:
मी तीन वर्षं बल्गेरियात होते म्हणून सांगते, तिकडे अशा स्पर्धेला एक सुटसुटीत शब्द आहे, बाल्कनियादा. ऑलिंपियाडच्या धर्तीवर. खेळांना वापरतात, गणिताच्या स्पर्धांनाही वापरतात. ॲथलेटिक्सच्या बाल्कन स्पर्धा तर १९२९ साली अथेन्सला सुरू झाल्या, त्यामुळे ‘बाल्कन’ आणि ‘खेळ’ ही जोडी तिकडच्या लोकांच्या कानाला फार जुनी आहे. मराठीत ‘बाल्कनियादा’ नुसतं टाकलं तर कुणालाच कळणार नाही, पण कंसाशिवाय एका वाक्यात उलगडून सांगा, छान वाटेल.

वऱ्हाडी:
आणि बाल्कन म्हणजे काय? बाल्कनीशी काही संबंध?

मास्तर:
काही नाही. बाल्कनी इटालियन ‘बाल्कोने’वरून, घराच्या सज्जाला. बाल्कन हा तुर्की शब्द, झाडीने भरलेली डोंगररांग. ऑटोमन लोकांनी बल्गेरियातल्या एका रांगेला ते नाव दिलं, बल्गेरियन लोक त्याच रांगेला ‘स्तारा प्लानिना’ म्हणजे जुना डोंगर म्हणतात. पुढे १८०८ मध्ये त्सोयने नावाच्या जर्मन भूगोलतज्ज्ञाने सगळ्या द्वीपकल्पालाच बाल्कन नाव देऊन टाकलं, त्याची समजूत की ही रांग पार ॲड्रियाटिकपासून काळ्या समुद्रापर्यंत जाते. जात नाही ती. म्हणजे सह्याद्री कन्याकुमारीहून थेट बंगालला जातो असं समजून अख्ख्या दक्षिणेला सह्याद्री म्हणावं तसं झालं. पण नाव चिकटलं ते चिकटलंच.

पेठेतला:
म्हणून अग्रलेखात ‘बाल्कनीकरण’ वाचलं की मला आमच्या सोसायटीतले लोक आठवतात, बाल्कनी बंद करून तिची खोली करणारे. खरं तर ते उलट, बाल्कनीकरण म्हणजे एकाचे चार तुकडे, आणि सोसायटीत चौरस फूट जोडून एक करतात.

अर्धाच चहा:
मला ‘अजिंक्यपद’बद्दल विचारायचंय. स्पर्धेलाही अजिंक्यपद आणि जिंकून मिळतं त्यालाही अजिंक्यपद? "अजिंक्यपद स्पर्धेत अजिंक्यपद पटकावलं", असं कसं.

मास्तर:
इंग्रजी चॅम्पियनशिपचंच दुखणं आहे ते, दोन्ही अर्थ एका शब्दात. मराठीत निदान ‘विजेतेपद’ किंवा ‘जेतेपद’ हाताशी आहे, जिंकलं त्याला ते वापरा आणि स्पर्धेला नुसतं स्पर्धा म्हणा. बाकी ‘अजिंक्य’ शब्द मजेदार आहे, दिसतो संस्कृत पण संस्कृतात असा शब्द नाही, तिथे अजेय. आपण आपल्या ‘जिंकणे’ला पुढे ‘अ’ आणि मागे ‘य’ लावून घरीच बनवलाय. साताऱ्याच्या किल्ल्याने तो अमर केला. आणि दरवर्षी हरणाऱ्याला अजिंक्य म्हणायचं हे मला व्यक्तिशः पटत नाही पण माझं कोण ऐकतो.

शंकेखोर:
ठीक, मथळा सुटला. आता मजकूर. मी शटलकॉकला ‘फूल’ लिहिलंय, संपादक काकूंनी पेन्सिलने वर्तुळ केलंय, "कुठलं फूल?"

अर्धाच चहा:
काकूंनी पेपर वाचले नाहीत का, सायना जिंकली की दर वेळी ‘फुलराणी’ असायचंच. फूल हाच आपला शब्द आहे, आमच्या गल्लीत "ए फूल गटारात गेलं" हे वाक्य रोज संध्याकाळी चार वेळा तरी.

वऱ्हाडी:
आमच्याकडे नागपुरात चिडी म्हणायचे. "चिडी फाटली." हिंदीवरून आलंय.

सोफियाची मराठीण:
मग ऐका, याच्यासाठीच मी धागा वाचत होते. बल्गेरियात त्याला ‘पेर्त्से’ म्हणतात, म्हणजे छोटंसं पीस. बागेत टाइमपास खेळणारे तर खेळालाच ‘फेदरबाल’ म्हणतात, तो जर्मन शब्द, पिसांचा चेंडू. सर्ब आणि क्रोएशियन लोक मात्र अरसिक, ते म्हणतात ‘लोप्तित्सा’, छोटा चेंडू, टेबल टेनिसला तोच आणि याला पण तोच. आणि रोमानियन सगळ्यात गोड, ‘फ्लुतुराश’. छोटं फुलपाखरू! आपलं फूल, त्यांचं फुलपाखरू. गंमत म्हणजे रोमानियात पगाराच्या स्लिपलासुद्धा फ्लुतुराशच म्हणतात, भिंतीवर चिकटवायच्या जाहिरातीच्या चिटोऱ्यालाही.

अर्धाच चहा:
पगाराच्या स्लिपला फुलपाखरू, आलं आणि उडालं, एकदम करेक्ट 😂

पेठेतला:
आणि तुर्की?

सोफियाची मराठीण:
‘बॅडमिंटन तोपू’. तोप म्हणजे चेंडू.

मास्तर:
थांबा थांबा. तोप म्हणजे चेंडूही आणि तोफही. आपली तोफ तिथूनच आलीये, फारसीतून फिरत फिरत. इस्तंबूलमध्ये तोपहाने नावाची वस्ती आहे, म्हणजे तोफखाना, आणि नगरला आपला तोफखाना आहेच. तो प्रसिद्ध तोपकापी राजवाडा, तोफेचा दरवाजा. तर तुर्की माणूस जेव्हा पाच ग्रॅमच्या, हंसाच्या सोळा पिसांच्या फुलाला तोप म्हणतो तेव्हा तो मनात गोळाच डागत असणार. स्मॅश बघितला की पटतं.

शंकेखोर:
ग्रीक राहिलं.

मास्तर:
ग्रीक हा खरा मेवा. ग्रीक लोक बोलताना ‘बाद्मिन्दोन’च म्हणतात, आणि ते लिहिताना त्यांची फार धांदल होते, कारण त्यांच्या लिपीतल्या बीटाचा उच्चार आता ‘व’ होतो, मग ‘ब’ लिहायला ‘म’ आणि ‘प’ जोडायचे, ‘द’ लिहायला ‘न’ आणि ‘त’. पण औपचारिक शब्द त्यांनी स्वतःचा घडवलाय, ‘आन्दिप्तेरिसी’. टेनिस म्हणजे ‘आन्दिस्फेरिसी’, समोरासमोर गोल टोलवणे, आणि त्याच साच्यात गोलाच्या जागी ‘प्तेरो’ म्हणजे पीस घातलं की बॅडमिंटन. हे प्तेरो तुम्ही रोज बोलता, हेलिकॉप्टरमधलं ‘प्टर’ तेच. आणि आपल्या ‘पत्र’शी त्याचं रक्ताचं नातं, संस्कृतात पत्र म्हणजे आधी पंख, पीस, मग पान, मग चिठ्ठी. मूळ धातू ‘पत्’, उडणे, पतंग त्यातलाच. म्हणजे पीस आणि कागद यांचं लग्न रोमानियाच्या आधी आपल्याकडे लागलंय.

पेठेतला:
मग आपण काय करावं, ‘प्रतिपत्रण’?

मास्तर:
करून बघा, क्लबात कुणी उभं करणार नाही. ग्रीकांचाही बोलताना वापर कमीच. शिवाय तुमच्या गावाला आधीच एक चान्स मिळाला होता.

पेठेतला:
वाटच बघत होतो कधी निघतंय 😎 १८७० च्या दशकात ब्रिटिश फौजेतल्या लोकांनी पुण्यात या खेळाचे नियम बांधले आणि खेळाला ‘पूना’च म्हणायचे. पुढे इंग्लंडात एका ड्यूकच्या बॅडमिंटन नावाच्या हवेलीवरून दुसरं नाव पडलं आणि तेच टिकलं. नाहीतर आज सोफियात लोक पूना खेळत असते.

अर्धाच चहा:
आणि पुणेकरांना सहन करणं अजून अवघड झालं असतं.

शंकेखोर:
भांडू नका, माझं पान राहिलंय. खेळाडूंची नावं. बल्गेरियाच्या त्या दोन बहिणी, मी पेपरात बघून ‘स्टोएवा’ लिहिलंय.

सोफियाची मराठीण:
‘स्तोएवा’ करा प्लीज. बल्गेरियन त आपल्या त सारखा दाताला लागतो, ट येतो कारण आपण इंग्रजी अक्षरं वाचून लिहितो. आपल्याकडे त आणि ट दोन्ही असताना चुकीचा का उचलायचा? गाब्रिएला मोठी, स्तेफानी धाकटी. आणि हे आडनाव बाईचं आहे हं, बाप्याचं स्तोएव. दुहेरीत युरोपियन विजेतेपद २०१८, २०२१, २०२२ असं घेतलंय त्यांनी, २०१५ ला बाकूच्या युरोपियन गेम्सचं सोनंही, त्यामुळे त्यांच्या नावावर एक ओळ जास्त घाला. त्यांच्या आधीची पेत्या नेदेल्चेवा, तिनेही २०१० ला युरोपियन दुहेरी जिंकली होती पण जोडीदार रशियन होती.

शंकेखोर:
आणि तुर्कस्तानची नेस्लिहान ‘यिगित’? २०१२ च्या लंडन ऑलिंपिकला गेलेली, तुर्कस्तानची बॅडमिंटनमधली पहिली.

मास्तर:
तो ग लिहितात पण बोलत नाहीत, डोक्यावर टोपी घातलेला ग मुका असतो, आधीचा स्वर जरा लांबवायचा, ‘यिइत’. अर्थ शूर. आणि नेस्लिहान मधलं ‘हान’ म्हणजे आपला खान.

वऱ्हाडी:
मग माँटेनेग्रो, क्रोएशिया ही नावं तरी ठीक आहेत ना?

मास्तर:
ती चालू द्या, रुळलीत. पण ते स्वतः माँटेनेग्रोला ‘त्सर्ना गोरा’ म्हणतात, काळा डोंगर. त्यातला ‘त्सर्न’ आणि आपला ‘कृष्ण’ एकाच मुळातले, ‘गोरा’ आणि ‘गिरी’ एकाच मुळातले. थोडक्यात कृष्णगिरी. आणि आपल्याला मात्र गोरा म्हटलं की उलटाच रंग दिसतो! सर्बियनमध्ये अजून एक आपल्यासारखं, परकी नावं ते उच्चाराप्रमाणे लिहून टाकतात, न्यूयॉर्कसुद्धा ‘न्युयोर्क’, त्यामुळे सर्बियन पेपरातल्या स्पेलिंगवरून देवनागरी करणं इंग्रजीवरून करण्यापेक्षा सोपं पडतं.

शंकेखोर:
शेवटचं आणि सगळ्यात त्रासाचं. सांघिक भागात मी नमुना म्हणून लिहिलं होतं, "समजा बल्गेरियाने तुर्कस्तानविरुद्धचा टाय ३-२ असा जिंकला". काकूंनी लाल पेनने विचारलंय, टाय झाला तर जिंकला कसा?

अर्धाच चहा:
काकू रॉक्स.

पेठेतला:
काकूंचा दोष नाही, टाय म्हणजे बरोबरी हे आपण क्रिकेटमधून शिकलो. बॅडमिंटनमध्ये दोन संघांच्या पूर्ण भेटीला टाय म्हणतात. मिश्र सांघिक असेल तर त्यात पाच सामने, पुरुष एकेरी, महिला एकेरी, दोन्हींची दुहेरी आणि मिश्र दुहेरी, तीन जिंकले की टाय तुमचा. म्हणून एका टायमध्ये पाच सामने, एका सामन्यात दोन किंवा तीन गेम, आणि गेम २१ चा. यात ‘सेट’ हा शब्द कुठेही येत नाही, तेही तपासा, कारण टेनिसवाले हमखास घुसवतात.

मास्तर:
संघांच्या भेटीला ‘लढत’ आणि आतल्या पाचांना ‘सामना’ असं ठरवून टाका आणि पानभर मोडू नका. पेपरवाले दोन्ही शब्द दोन्हीकडे वापरतात पण तुमच्या पानापुरता तुमचा कायदा.

सोफियाची मराठीण:
पण मास्तर, टाय म्हणजे मुळात गाठच ना? आणि आपण म्हणतोच की, "उपांत्य फेरीत बल्गेरियाची गाठ तुर्कस्तानशी पडली". तोच शब्द की हो.

मास्तर:
अरे हो. हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. फक्त गाठ ‘पडते’, ती ‘३-२ अशी जिंकता’ येत नाही, तिथे लढतच घ्या.

शंकेखोर:
झालं तर मग. "बाल्कन देशांच्या स्पर्धेत, म्हणजे तिकडच्या भाषेत बाल्कनियादात, समजा उपांत्य फेरीत बल्गेरियाची गाठ तुर्कस्तानशी पडली आणि पाचांपैकी तीन सामने घेऊन बल्गेरियाने ही लढत जिंकली". काकूंना पाठवतोय. फूल तसंच ठेवलंय, खाली फ्लुतुराशची ओळ टाकलीये.

वऱ्हाडी:
चिडी पण टाका न राव एका कोपऱ्यात.

शंकेखोर:
टाकली. काकूंनी वर्तुळ केलं तर तुमचा नंबर देतो.