चार तास ड्यूटी, आठ तास आराम?

कोणीतरी लिहिलंय की नौदलाच्या जहाजावर चार तास वॉच (म्हणजे ड्यूटीची पाळी) आणि मग आठ तास आराम, म्हणजे नौसैनिकाची चैनच. कागदावर हिशोब बरोबर, पण ते आठ तास मोकळे नसतात हो. साफसफाई, यंत्रांची देखभाल, आग विझवण्याचा सराव, सगळं त्यातच बसवायचं. रात्री १२ ते ४ उभा राहिलेला माणूसही सकाळच्या कामाला हजर लागतो.

डॉग वॉच म्हणजे दोन तासांच्या छोट्या पाळ्या, त्यांच्याबद्दल मात्र कोणीच बोलत नाही. संध्याकाळी ४ ते ८ चे मुद्दाम दोन-दोन तासांचे दोन तुकडे करतात. त्यामुळे दिवसाचे सहाऐवजी सात वॉच होतात आणि आळीपाळीने वॉच करणाऱ्या तीन तुकड्यांच्या पाळ्या रोज आपोआप सरकतात. नाहीतर एकाच तुकडीच्या नशिबी कायम मध्यरात्र! भारतीय नौदल २००८ पासून एडनच्या आखातात चाच्यांविरुद्ध गस्त घालतंय. माझा मावसभाऊ त्या गस्तीवर होता, त्याचा राग वेगळ्याच गोष्टीवर. पश्चिमेला जाताना जहाजाचं घड्याळ मागे घेतात, आणि ते ज्याच्या वॉचमध्ये घेतलं त्याचा वॉच तेवढा लांबतो. परतीत घड्याळ पुढे करतात तेव्हा भरपाई होते म्हणे, पण दुसऱ्याच कोणाची तरी.