दोलोरेस देल रियो : तिच्या स्पॅनिश भाषेतल्या चित्रपटांची सुरुवात कुठून करावी?

प्रश्न

फ्रेड अस्टेअर आणि जिंजर रॉजर्स यांच्या नृत्यासाठी १९३३चा ‘फ्लाइंग डाउन टू रिओ’ पाहिला, तेव्हा नायिका दोलोरेस देल रियो मला निव्वळ शोभेची वाटली. तिचे खरे काम मेक्सिकोत परतल्यावरचे आहे, असे अनेकदा वाचनात येते. त्यातले दोन-तीन चित्रपट सुचवावेत. सोबत आई पाहणार आहे आणि तिला उपशीर्षके वाचायला वेळ लागतो.

प्रतिसाद १

नि:शंकपणे ‘मारिया कांदेलारिया’पासून सुरुवात करा. १९४३ साली दिग्दर्शक एमिलियो फर्नांदेस, छायाचित्रकार गाब्रिएल फिगेरोआ आणि नायक पेद्रो आर्मेन्दारिस यांच्यासोबत तिने आधी ‘फ्लोर सिल्वेस्त्रे’ केला आणि लगेच हा. १९४६च्या कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार अकरा चित्रपटांना विभागून मिळाला. त्यांत हा होता आणि आपल्या चेतन आनंदांचा ‘नीचा नगर’ही होता.

कथा मेक्सिको सिटीजवळच्या सोचिमिल्कोच्या कालव्यांमधली, फुले विकणाऱ्या आणि आईच्या बदनामीमुळे गावाने वाळीत टाकलेल्या मुलीची आहे. तिची सगळी पुंजी म्हणजे डुकराचे एक पिल्लू. ते वाढवून विकायचे आणि त्या पैशांत लग्न उरकायचे, एवढाच तिचा आणि लोरेन्सो राफाएलचा बेत असतो. दुरांगोतल्या सुखवस्तू घरात वाढलेली आणि तोवर चाळिशीला टेकलेली ही बाई अशा आदिवासी मुलीच्या भूमिकेत शोभते का, ही शंका रास्त आहे आणि माझी ती पूर्णपणे फिटलेली नाही. तरीही होडीत बसून ती नुसती पाहत राहते, तेव्हा मूकपटांच्या काळात घडलेली नटी शब्दांवाचून किती सांगू शकते ते कळते. संवादही साधे आहेत, त्यामुळे आईंना अडचण येऊ नये.

प्रतिसाद २

वरील शिफारस योग्य असली तरी मी आधी रोबेर्तो गावाल्दोन यांचा ‘ला ओत्रा’ (१९४६) पाहायला सांगेन, कारण ‘मारिया कांदेलारिया’त फिगेरोआचे ढग आणि कालवे अर्धे श्रेय घेऊन जातात, तर इथे सारा भार तिच्यावरच आहे. लोकांची नखे घासून-रंगवून पोट भरणारी मारिया आपल्या श्रीमंत जुळ्या बहिणीचा खून करून तिच्या जागी जाऊन बसते आणि बहिणीच्या पापांचीही वारसदार ठरते. दोघी बहिणी वेगळ्या दाखवण्यासाठी तिला फार काही लागत नाही. मान धरण्याची ढब पुरते. याच कथेवर पुढे हॉलिवूडने बेट्टी डेव्हिसला घेऊन १९६४ साली ‘डेड रिंगर’ काढला.

तिसरा ‘दोन्या पेर्फेक्ता’ (१९५१) घ्यावा. त्यात ती सोज्वळ नायिका नाही, तर भाच्याचे आधुनिक विचार सहन न होणारी कर्मठ बाई आहे. या भूमिकेसाठी तिला आरिएल हा मेक्सिकोचा चित्रपट पुरस्कार मिळाला.

धागाकर्ती

दोघांचेही आभार. रविवारी ‘मारिया कांदेलारिया’ लावते. आईला जनावरांचे हाल पाहवत नाहीत, म्हणून त्या पिल्लाविषयी विचारते.

प्रतिसाद १

पिल्लू वाचत नाही. आईंना ते आधीच सांगून ठेवा. मारियाच्या शेवटाबद्दल मात्र काही सांगू नका.