शिंजी रडका नाही, मोठी आत्या

मोठी आत्या: पोचले रे सुखरूप. गाडी दीड तास उशिरा. चकलीचा डबा तिथेच राहिला, सोनूला संपवायला सांगा. आणि ती जपानी मालिका बघणं जरा कमी कर म्हणावं. दोन संध्याकाळी त्याच्यासोबत बसून मीही पाहिली. त्यातला मुलगा सारखा रडतो! एवढं मोठं यंत्र हाती दिलंय, शहर वाचवायचंय, आणि हा म्हणतो मला जमणार नाही. मुलांसमोर असे रडके नायक कशाला?

काका: कार्टून आहे गं ताई.

मोठी आत्या: मुलं तेच बघून शिकतात. पस्तीस वर्षं वर्गात उभी होते मी.

मी: आत्या, मघापासून टाइप करून खोडतेय, आता सरळच लिहिते. ती 'निऑन जेनेसिस इव्हँजेलियन'. ऑक्टोबर १९९५ ते मार्च १९९६, एकूण २६ भाग, दिग्दर्शक हिदेआकी आन्नो. मी २०१९ मध्ये नेटफ्लिक्सवर आली तेव्हा कॉलेजात असताना पाहिली आणि तेव्हापासून दर वर्षी एकदा पाहते. शिंजी रडतो हे खरं. पण रडका म्हणून त्याला बाजूला सारू नकोस.

तू पाहिलास त्या पहिल्याच भागात बघ ना. वय १४. आई लहानपणीच गेलेली, वडिलांनी परक्या घरी ठेवलेला. तीन वर्षांत भेट नाही. मग एक दिवस वडिलांचं बोलावणं येतं, कागदावर नुसतं 'ये'. मुलगा बिचारा आशेने येतो. वडील वर उंचावर उभे. 'बऱ्याच दिवसांनी' एवढं म्हणतात आणि त्या यंत्रात बस म्हणून सांगतात. शिकवणं नाही, समजावणं नाही. बसायचं तर लवकर बस, नाहीतर परत जा. तो नाही म्हणाला तर पट्ट्या बांधलेल्या, उठता न येणाऱ्या रेईला, म्हणजे त्याच्याच वयाच्या दुसऱ्या चालक मुलीला, स्ट्रेचरवरून आणतात, की तू नाही तर ही. तिचं रक्त त्याच्या तळहाताला लागतं तेव्हा तो 'पळायचं नाही, पळायचं नाही' असं स्वतःशी म्हणत तयार होतो. घाबरून रडत का होईना, बसला की नाही?

दादा: मीही कॉलेजात असताना रडकाच म्हणायचो त्याला. आमच्या हॉस्टेलवर तर 'शिंजी होऊ नकोस' अशी म्हणच होती. आता वाचताना लाज वाटते.

मोठी आत्या: बरं. पण मग गोष्टीतली माणसं त्याला काय समजतात? का मी एकटीच वाईट?

मी: आत्या, हाच प्रश्न मला सगळ्यात आवडतो. सुरुवातीला जवळजवळ प्रत्येकाला त्याच्यात दुसरंच काहीतरी दिसतं. वडिलांना, गेंडोला, कामाला येणारा एक हात. रेईच्या लेखी तो साहेबांचा मुलगा, म्हणून तो 'वडिलांवर माझा विश्वास नाही' म्हणाला तेव्हा तिने सरकत्या जिन्यावर त्याच्या थोबाडीत मारली. आसुका ही तिसरी चालक मुलगी, तिला तो प्रतिस्पर्धी. ती त्याला 'बाका शिंजी' म्हणते, म्हणजे मूर्ख शिंजी, आणि उठसूट माफी मागतो म्हणून चिडते. रित्सुको शास्त्रज्ञ आहे, ती तर सरळ म्हणते की सांगितलेलं मुकाट्याने ऐकणं ही त्या मुलाची जगात निभावून न्यायची रीत आहे. वाक्य खरं आहे, पण ते बोलून झाल्यावर ती आपल्या कामाला लागते. निदान झालं, विषय संपला.

काकू: 'चालेल' म्हणणारी मुलं. आपल्याला वाटतं गुणी आहेत.

मी: हो काकू, तेच!

आणि आता तोजी. आत्या, तू निघालीस त्याच्या पुढचाच, तिसरा भाग. शिंजीच्या पहिल्या लढाईत तोजीची धाकटी बहीण जखमी होते. तोजी दांडगा, ओसाका बाजूची बोली बोलणारा. त्याच्या लेखी हा नवा मुलगा म्हणजे बहिणीला दवाखान्यात पाठवणारा. तो शाळेत शिंजीला बाहेर नेऊन ठोसा मारतो. म्हणतो, तुला मारल्याशिवाय माझं समाधान होणार नाही. शिंजी खाली पडल्या पडल्या म्हणतो, मी काही हौसेने त्यात बसत नाही. त्यावर आणखी एक ठोसा.

मग शहरावर शत्रूच्या महाकाय प्राण्याचा पुढचा हल्ला होतो. तोजी आणि केन्सुके (केन्सुकेला असल्या यंत्रांचं भयंकर वेड, स्वतःला बसायला मिळावं म्हणून झुरतो) आश्रयस्थानातून चोरून बाहेर पडतात आणि शिंजीचं यंत्र नेमकं त्यांच्याच डोंगरावर येऊन आदळतं. दोघांना वाचवायला आत, चालकाच्या कुपीत घ्यावं लागतं. तिथे पहिल्यांदा ते त्याला बघतात. यंत्राला जखम झाली की आतल्या मुलालाही ती जाणवते. परत फिरायचा हुकूम तो मोडतो आणि किंचाळत, रडत सुरी घेऊन धावत सुटतो. मागे दोघं गप्प.

त्यानंतर शिंजी शाळेत येत नाही, आणि बेचैन होतो तो तोजी. चौथ्या भागात शिंजी शहर सोडून निघतो, तेव्हा स्टेशनवर तोजी म्हणतो, आता तू मला मार, त्याशिवाय मला चैन पडणार नाही. शिंजी मारतो. मग वडिलांच्या संस्थेची माणसं त्याला घेऊन जायला लागतात तेव्हा तो ओरडून म्हणतो की मार खायला हवा होता तो मीच, मीच भित्रा, लबाड, दुबळा आहे. म्हणजे सगळ्या जगाने त्याला दिलेली नावं त्याने आधीच स्वतःला दिलेली आहेत. आत्या, तू 'रडका' म्हणालीस ना, तो शब्दही त्याला नवा नाही.

मोठी आत्या: हं.

दादा: तुझं सगळं मान्य, पण त्याची वरिष्ठ अधिकारी मिसातो, तिला तू नेहमी सोडून देतेस. माझ्या मते जास्त दोष तिचा. घरी आणते, लाड करते, 'तू शाबासकी मिळण्यासारखं काम केलंस, मान ताठ ठेव' म्हणते, आणि दुसऱ्या दिवशी परत लढाईला पाठवते. वडील निदान खोटं प्रेम दाखवत नाहीत.

मी: दादा, खोटं नाहीये ते! मिसातोने स्वतःच्या वडिलांना डोळ्यांसमोर गमावलंय. त्या धक्क्याने तिची वाचा गेली होती, वर्षं दोन वर्षं बोलली नाही ती. शिंजीकडे बघताना तिला स्वतःचं लहानपण दिसतं, म्हणून ती त्याला घरी आणते. आणि म्हणूनच ती कधी मोठी बहीण, कधी आई, कधी वरिष्ठ अधिकारी अशी सारखी बदलते.

काकू: किती वर्षांची आहे ही मिसातो?

सोनू: २९

काकू: एकोणतीस! अरे, माझ्या एकोणतिसाव्या वर्षी सोनू दोन वर्षांचा होता आणि मला त्याचा ताप उतरवायचाही कळत नव्हता. या मुलीवर अख्ख्या शहराची जबाबदारी, वर दुसऱ्याचं चौदा वर्षांचं पोर. तिला दोष नका देऊ बाबांनो. घरी आल्यावर ती त्याला काय म्हणते?

मी: 'ओकाएरी'. घरी परतलेल्याला जपानमध्ये म्हणतात ते, आपल्या 'आलास का रे' सारखं. त्यावर परतणाऱ्याने 'तादाइमा', म्हणजे 'आलो' म्हणायचं. पहिल्या दिवशी शिंजी दारात अडखळतो, घरात पाऊल टाकायला परवानगी मागतो. ती म्हणते, हे तुझंच घर आहे. तेव्हा कुठे तो हळूच 'तादाइमा' म्हणतो. चौथ्या भागात पळून जायला निघालेला मुलगा गाडीत चढत नाही, आणि स्टेशनवर त्या दोघांमध्ये पुन्हा हेच दोन शब्द होतात. मला त्या दृश्याला अजून रडू येतं.

काका: पाणी आज दुपारी येणार नाही, भरून ठेवा म्हणून सोसायटीचा निरोप आहे. सोनूच्या आई, पाहिलंस का?

काकू: भरलंय. तुम्ही मधे बोलू नका. पुढे सांग गं.

मी: मिसातोने त्याला मोबाइल घेऊन दिलेला असतो आणि त्यावर कुणाचाही फोन येत नाही, याची तिला काळजी. त्यावर रित्सुको तिला साळिंदरांची गोष्ट सांगते. थंडी वाजते म्हणून दोन साळिंदरं जवळ येतात, पण जितकी जवळ येतील तितके एकमेकांचे काटे टोचतात. दृष्टान्त मूळ शोपेनहाउअर या जर्मन तत्त्वज्ञाचा. गोष्ट शिंजीबद्दल म्हणून सांगितलेली, पण त्या घरात, त्या कचेरीत प्रत्येकाच्या अंगावर काटे आहेत. मालिकेनंतरच्या १९९७ च्या सिनेमात शेवटी गेंडोसुद्धा कबूल करतो की मी जवळ गेलो की मुलाला इजाच होते, म्हणून काही न करणं बरं वाटलं. दादा, मला त्या माणसाची कीव येते, पण माफ मात्र करवत नाही.

दादा: काजी राहिला. त्याच संस्थेतला, कलिंगडं लावणारा.

मी: काजी माझा सगळ्यात लाडका! १९ व्या भागात सगळं उद्ध्वस्त होत असताना तो कलिंगडाच्या वेलांना पाणी घालत उभा. शिंजीने काम सोडलेलं. बाकी सगळे 'बस' नाहीतर 'जा' म्हणत आलेले. काजी म्हणतो, मला इथे पाणी घालण्यापलीकडे काही करता येत नाही, तुला मात्र तुलाच जमेल असं काहीतरी आहे. कुणी जबरदस्ती करत नाहीये, स्वतः विचार कर, स्वतः ठरव. शिंजी धावत परत जातो. त्याला निर्णय घेता येतो असं गृहीत धरणारं ते पहिलं मोठं माणूस.

सोनू: ताई तू १६ वा भाग विसरलीस

मी: सांग ना तू.

सोनू: १६ व्या भागात शिंजी शत्रूच्या काळ्या सावलीत बुडतो आणि आत त्याच्याशी दुसरा शिंजी बोलतो. तो म्हणतो की मिसातोच्या मनातला शिंजी वेगळा, आसुकाच्या मनातला वेगळा, रेईच्या मनातला वेगळा, बाबांच्या मनातला वेगळा. आणि ते सगळेच खरे आहेत. तुला त्या दुसऱ्यांच्या मनातल्या शिंजींची भीती वाटते.

सोनू: मी तो भाग चार वेळा पाहिला

सोनू: त्याला लढायची भीती वाटते असं सगळ्यांना वाटतं. ती वाटतेच. पण त्याहून जास्त भीती ती आहे. आपण दुसऱ्याच्या डोक्यात कसे असू याची

काकू: सोनू, एवढं लिहितोस तू?

मोठी आत्या: थांबा जरा. मला वाचू दे नीट.

मोठी आत्या: माझ्या वर्गात एक मुलगा होता. शेवटच्या बाकावर. काही विचारलं की 'चालेल बाई'. सहलीला येतोस का, चालेल बाई. गणित परत कर, चालेल बाई. वर्षअखेरीच्या शेऱ्यात मी 'स्वभावाने शांत, आज्ञाधारक' असं लिहिलं. शाळा सोडताना नमस्कार करायला आला, मी आशीर्वाद दिला आणि तो हमसाहमशी रडला. मला कारण विचारायचं सुचलं नाही. म्हटलं, शाळा सुटतेय म्हणून असेल. आज इतक्या वर्षांनी आठवला.

काकू: ताई, तुम्ही तेव्हा पन्नास मुलांचा वर्ग सांभाळत होतात.

मोठी आत्या: होते खरी. सोनू, तुला मी त्या दिवशी टीव्हीसमोर 'रडक्याचं काय बघतोस' म्हणाले. चुकलं माझं.

सोनू: असू दे आत्या

मी: आत्या, तुला एक सांगू? २०२१ मध्ये शेवटचा चित्रपट आला. चित्रपटांची गोष्ट मालिकेपेक्षा वेगळ्या वाटेने जाते. त्यात १४ वर्षं उलटलीत, पण शिंजी चौदाचाच राहिलाय, आणि तोजी-केन्सुके २८ वर्षांचे झालेत. शिंजी पूर्ण मोडलाय. बोलत नाही, खात नाही. ठोसा मारणारा तोजी आता एका छोट्या गावात डॉक्टरकी करतो, लग्न झालंय, लेक आहे. तो शिंजीला घरी नेतो, ताट वाढतो. ताटाला हात लावत नाही म्हणून तोजीचे सासरे त्याच्यावर रागावतात, वाढलेल्या अन्नाचा अपमान म्हणून.

काका: बरोबरच आहे त्यांचं.

मी: काका, मला ठाऊक होतं तुम्ही त्यांच्या बाजूने बोलणार! पण केन्सुके त्याला आपल्या घरी नेतो आणि काही म्हणजे काही विचारत नाही. राहा म्हणतो. शिंजी भग्न इमारतींपाशी दिवसेंदिवस पाण्याकडे बघत बसतो तर बसू देतो. रेईसारखी दिसणारी एक मुलगी गावात शेतात राबते, ती येऊन त्याच्याजवळ बसते. शेवटी तो रडत विचारतो, सगळे माझ्याशी इतके प्रेमाने का वागतात? ती म्हणते, कारण तू सगळ्यांना आवडतोस. आणि मग तो उठतो, केन्सुकेबरोबर कामाला जायला लागतो. मालिकेत त्याच्याशी इतक्या सरळपणे 'मला तू आवडतोस' असं बोलला होता फक्त काओरू, आणि तो माणूस नव्हताच. २४ व्या भागात शिंजीला त्यालाच मारावं लागलं होतं. २५ वर्षांनी ते वाक्य त्याला गावातल्या माणसांच्या वतीने मिळालं.

दादा: तो गावाचा भाग मी आईसोबत पाहिला होता. ती म्हणाली, पेरणीचं दृश्य छान आहे.

मी: लावणी, दादा. भाताची लावणी आहे ती.

मोठी आत्या: मला एक सांगा. त्या तोजीच्या बहिणीचं पुढे काय झालं? ती दवाखान्यात होती ना?

मी: मालिकेत तोजीलाही पुढे चालक व्हायला सांगतात तेव्हा तो एकच अट घालतो, बहिणीला चांगल्या दवाखान्यात हलवा. चित्रपटांत ती मोठी झालेली भेटते. नाव साकुरा. २०१२ च्या चित्रपटात शिंजी शुद्धीवर येतो त्या जहाजावर तीच त्याच्या देखरेखीला असते. बाकी सगळे त्याच्याकडे पाहायलाही तयार नाहीत, ती नीट अदबीने ओळख करून देते, मी तोजीची बहीण. आणि एकच विनवते, काहीही करा पण पुन्हा त्या यंत्रात बसू नका.

मोठी आत्या: म्हणजे तिला त्याचा राग आहे, की त्याची काळजी वाटते?

सोनू: दोन्ही आत्या. पुढच्या चित्रपटात ती त्याच्यावर बंदूक धरते आणि रडत असते

मोठी आत्या: रविवारी दुपारी फोन लाव मला. तिसऱ्या भागापासून बघू, तू तिकडे, मी इकडे. आणि डब्यात चकल्या उरल्या असतील तर राहू देत.

सोनू: संपल्या